स्वतःच्या घरावर हसरा माहितीपट करायचाय? इथून सुरुवात करा

पहिला माहितीपट करायचा म्हटलं की बहुतेक जण विषय शोधायला घराबाहेर पडतात. दुष्काळ, नदी, लोककला, विस्मृतीत गेलेला एखादा कलावंत. हे विषय मोठे आहेत, त्यांवर कामही व्हायलाच हवं. पण हातात एक फोन, घरात आईवडील आणि मनात न सुटलेली एखादी गोष्ट एवढ्या भांडवलावरही सिनेमा होतो. तो प्रेक्षकाला हसवता हसवता गप्पही करतो. मी सांगलीत आमच्याच घरात असा चाळीस मिनिटांचा माहितीपट केला. त्यातून जे शिकले ते पहिल्यांदाच या वाटेला येणाऱ्यांसाठी क्रमाने सांगते.

आधी ज्यांच्याकडे पाहून शिकले त्यांच्याबद्दल. रॉस मॅकेलवी हे माहितीपटकार अमेरिकेच्या दक्षिण भागातले, नॉर्थ कॅरोलायनातल्या शार्लट शहरचे. जन्म १९४७चा, वडील सर्जन. एमआयटीत रिचर्ड लीकॉक आणि एड पिंकस या माहितीपटकारांकडे ते सिनेमा शिकले आणि पुढे हार्वर्डमध्ये त्यांनी वर्षानुवर्षं शिकवलं. सोबत युनिट नाही, प्रकाशयोजना नाही. खांद्यावर सोळा एमएमचा कॅमेरा, अंगावर ध्वनिमुद्रण यंत्र आणि एकटा माणूस. घरचे लोक, जुने मित्र, भेटलेल्या बायका आणि स्वतःचा गोंधळ एवढ्यावर त्यांनी चार दशकं सिनेमे केले. या जातीच्या कामात त्यांच्याइतका उपयोगी शिक्षक मला दुसरा सापडलेला नाही.

पहिली पायरी: एक बाहेरचं काम ठरवा

‘मला माझ्याबद्दल सिनेमा करायचाय’ म्हणून कॅमेरा उचललात तर दुसऱ्या दिवशी काय टिपायचं ते सुचत नाही. म्हणून एक ठोस काम हवं, ज्याला सुरुवात आहे, शेवट आहे आणि वाटेत अडचणी आहेत.

मॅकेलवींना अनुदान मिळालं होतं ते इतिहासपटासाठी. अमेरिकी यादवी युद्धात जनरल शर्मन १८६४ मध्ये अटलांटापासून समुद्रकाठच्या सव्हानापर्यंत प्रदेश उद्ध्वस्त करत गेला. त्या मोहिमेचे ओरखडे दक्षिणेत अजून कसे आहेत ते दाखवायचं होतं. चित्रीकरण सुरू होण्याच्या तोंडावर प्रेयसी सोडून गेली. हे शर्मनच्या वाटेने निघाले खरे, पण कॅमेरा वळत राहिला भेटणाऱ्या बायकांकडे आणि स्वतःच्या एकटेपणाकडे. त्यातून १९८६ मध्ये ‘शर्मन्स मार्च’ आला, त्याला सनडान्स महोत्सवाचं सर्वोच्च माहितीपट पारितोषिक मिळालं आणि २००० साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत, म्हणजे जतन करायच्या सिनेमांच्या यादीत, त्याची निवड झाली. त्यातला जनरल शेवटपर्यंत सिनेमातून जात नाही, हे नवशिक्याने नीट पाहावं. वाट त्याची आहे, म्हणून भटकता येतं. अडीच तासांहून लांब सिनेमा त्या वाटेवर तोलून धरलेला आहे.

माझं बाहेरचं काम होतं बाबांची बजाज चेतक विकणं. तुमचं काही वेगळं असेल: इमारत पुनर्विकासाला जाण्याआधीचं घर आवरणं, गावच्या जमिनीच्या सातबाऱ्यावर नाव चढवणं, भावासाठी स्थळं बघणं, आजीच्या हातच्या गोडा मसाल्याचं प्रमाण एकदाचं लिहून काढणं. काम असं निवडा की तुम्ही कॅमेरा आणला नसता तरी ते घरात होणारच होतं. आणि मनातल्या मनात तपासा, त्या कामाचं नाव काढलं की तुम्हाला थोडं अस्वस्थ वाटतं का. वाटत असेल तर विषय बरोबर आहे.

दुसरी पायरी: परवानगी घ्या, आणि घेत राहा

घरचे आपलेच आहेत म्हणून विचारायचं राहून जातं. पुढे संकलनाच्या वेळी ‘हे मी म्हणाले होते, पण दाखवू नकोस’ असं आई म्हणते, तेव्हा दोघींचाही जीव कोंडतो. सुरुवातीलाच सगळ्यांना एकत्र बसवून सांगा: काय करतोय, कुठे दाखवणार, आणि अंतिम करण्याआधी प्रत्येकाला आपापला भाग पाहायला मिळेल. साध्या मराठीत एका पानाचं संमतिपत्र लिहा आणि सह्या घ्या. शेजारी, पाहुणे, गाडी बघायला आलेलं गिऱ्हाईक यांचंही घ्या. मी एक शब्द ठरवून दिला होता, ‘पुरे’. कोणीही ‘पुरे’ म्हटलं की कॅमेरा खाली. आईने तो तीनदा वापरला आणि तीनही वेळा मी कॅमेरा खाली केला. तो खरोखर खाली जातो हे पटल्यावरच ती मोकळी झाली.

घरकामाला येणाऱ्या ताई, ड्रायव्हर, गडी यांच्या बाबतीत दुप्पट काळजी घ्या. ज्याचा पगार तुमच्या घरातून जातो त्याला ‘नको’ म्हणणं अवघड असतं. निष्ठा जैन यांनी २००७च्या ‘लक्ष्मी अँड मी’मध्ये मुंबईत आपल्याच घरी काम करणाऱ्या मुलीचं आयुष्य टिपताना मालकीण आणि दिग्दर्शक या स्वतःच्या दोन्ही भूमिका कॅमेऱ्यासमोर आणल्या. हा प्रश्न टाळायचा नसेल तर तो सिनेमा आधी पाहा.

तिसरी पायरी: सामान

फोन पुरतो. खर्च करायचाच तर आवाजावर करा. कॉलरला लावायचा बिनतारी माइक घ्या, दोन ट्रान्समीटरवाला. एक समोरच्या माणसाला, हनुवटीखाली वीतभर अंतरावर. दुसरा स्वतःला. ही गोष्ट नवशिके हमखास विसरतात. या प्रकारच्या सिनेमात कॅमेऱ्यामागून येणारा तुमचा आवाज हे एक पात्र असतं. ते पुसट ऐकू आलं तर निम्मा सिनेमा गेला. पंखा बंद करायला लावू नका. मे महिन्यात पंख्याशिवाय बसलेला माणूस दहा मिनिटांत वैतागतो आणि मग बोलणंच खुंटतं. माइक जवळ असला की पंखा निभावतो. मिक्सर आणि कुकरची शिट्टी मात्र निभावत नाही.

फोनमध्ये एवढ्या गोष्टी बघा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. फोन सहसा सेकंदाला ३० चौकटी (फ्रेम) टिपतो आणि मग ट्यूबलाइटखाली चित्रात पट्टे सरकतात. सेकंदाला २५ चौकटी आणि शटर १/५० सेकंद ठेवा, प्रकाश जास्त असेल तर १/१००. ब्लॅकमॅजिक कॅमेरा हे फुकट ॲप त्यासाठी चांगलं आहे. एक्स्पोजर, म्हणजे चित्राचा उजेड, लॉक करा, नाहीतर खिडकीसमोरून कोणी गेलं की सगळी खोली उजळते-मावळते. फोन विमान मोडवर टाका. फोनवरच्या चित्रीकरणाचा वेग किंचित कमीजास्त होत असतो, त्यामुळे आवाज वेगळा टिपला असेल तर लांब दृश्यात ओठ आणि शब्द सुटे होतात. हँडब्रेक या फुकट सॉफ्टवेअरमधून फाइल स्थिर वेगाची करून घ्या आणि दर वेळी सुरुवातीला एक टाळी वाजवा. फुल एचडीला मिनिटाला साधारण ६० ते १३० एमबी जागा लागते. रोज रात्री दोन वेगवेगळ्या डिस्कवर कॉपी झाल्याशिवाय फोन रिकामा करू नका.

बॅटरी संपली तर? मॅकेलवींच्या ‘टाइम इन्डेफिनिट’मध्ये सगळं कुटुंब जमलंय, ते आपलं लग्न ठरल्याचं जाहीर करतायत आणि नेमकी तेव्हाच कॅमेऱ्याची बॅटरी बसते. त्यांनी ते लपवलं नाही, सिनेमात घेतलं. म्हणजे बॅटरी संपू द्या असं नाही. पण संपली तर आवाज टिपत राहा आणि त्या रात्री वहीत सगळं लिहून काढा.

चौथी पायरी: थांबा, कॅमेरा चालू ठेवा

या पायरीवर मी सगळ्यात जास्त वेळ घेणार आहे, कारण हसू इथे मिळतं.

विनोदी माहितीपट म्हटल्यावर नवे लोक गमतीदार प्रश्न तयार करतात, घरच्यांना ‘ते मघाशी बोललास ते परत बोल’ म्हणतात. परत बोललेलं वाक्य मेलेलं असतं. माणूस एखाद्या कामात पूर्ण गुंतलेला असतो, त्याला जे हवंय त्याच्या उलट त्याचेच हात करत असतात, आणि आपण ते न अडवता पाहत राहतो तेव्हा हसू येतं.

आमच्या अंगणातला प्रसंग सांगते. चौथं गिऱ्हाईक आलं, बावीस-तेवीस वर्षांचा मुलगा. बाबांना गाडी विकायची होती; तशी चिठ्ठी त्यांनी स्वतः कोपऱ्यावरच्या किराणा दुकानात लावली होती. मुलगा म्हणाला, ‘काका, गाडी मस्त ठेवलीय.’ बाबांनी गाडी डावीकडे कलती केली, पुन्हा सरळ केली, किक मारली. दुसऱ्या किकला सुरू झाली. आणि मग बाबा बोलू लागले. ‘हे बघ, ब्रेक जरा उशिरा लागतो. पावसात प्लग काढून पुसावा लागतो. तिसरा गिअर कधी कधी सुटतो. डिकीचं कुलूप दाबून फिरवायचं, नुसतं फिरत नाही.’ स्वयंपाकघराच्या खिडकीतून आईचा आवाज: ‘अहो, विकायचीय ना ती?’ बाबा म्हणाले, ‘मग? सांगायला नको?’ मुलगा उद्या येतो म्हणाला आणि गेला.

इथे मला वाटलं, दृश्य झालं. अंगठा बटणाकडे गेला होता. पण मी स्वतःलाच नियम घालून दिला होता: संपलं असं वाटल्यावर मनात वीस आकडे मोजायचे. अकराव्या-बाराव्या आकड्याला बाबांनी खिशातून फडकं काढलं आणि मुलाने हात लावला होता ती जागा पुसली. सीटचा कोपरा, हँडल, आरसा. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, ‘सव्वीस वर्षं झाली.’ सिनेमा पाहणारे आधी हसतात आणि या वाक्यापाशी हसू ओसरतं. मी काहीच केलेलं नाही, फक्त बटण दाबायचं थांबले.

मॅकेलवींकडे चारशे फुटांची रिळं असायची, एकात अकरा मिनिटं. प्रत्येक मिनिटाला पैसे पडत होते, तरी ते थांबत होते. आपल्याकडे जागा फुकट आहे, त्यामुळे उलटा धोका संभवतो: दिवसभर टिपत राहायचं आणि कशाकडेच लक्ष नाही. मी दिवसाला दीड तासाची मर्यादा ठेवली. कधी उचलायचा हे ठरवावं लागलं की नजर तयार होते.

काही हाताच्या गोष्टी. झूम करू नका, पावलं टाकत जवळ जा. फोन छातीच्या उंचीवर धरा म्हणजे तुमचा चेहरा मोकळा राहतो आणि समोरचा माणूस तुमच्याशी बोलतो, फोनशी नाही. हुंकार द्यायचा मोह आवरा, शांत राहून मान हलवा. ड्रोन, संथ गतीतली दृश्यं, मागे बासरी, हे सगळं या कामात नकोच. त्याने पाहणाऱ्याला वाटतं की आता काहीतरी महत्त्वाचं आहे, आणि मग घरातलं साधं बोलणं ऐकू येईनासं होतं.

कोणी तुमच्या कॅमेऱ्यावरच चिडलं तर ते टिपा. ‘शर्मन्स मार्च’मध्ये शार्लीन स्वान्सी, मॅकेलवींची जुनी शिक्षिका आणि मैत्रीण, त्यांच्यासाठी मुलगी शोधून आणते आणि हे तिच्यासमोरही कॅमेरा लावून उभे राहतात, तेव्हा शार्लीन ओरडते, ठेव ते खाली, हे खरं आयुष्य आहे. तिचं बरोबर आहे आणि त्यांना ते कळतंय, पण कॅमेरा खाली जात नाही. सगळ्या सिनेमाचा पेच त्या एका क्षणात दिसतो.

आणि स्वतःला टिपा. त्याच सिनेमात फॅन्सी ड्रेस पार्टीहून रात्री परतलेले मॅकेलवी कॅमेऱ्यासमोर बसून कुजबुजत बोलतात, कारण घरात वडील झोपलेत. चाळिशीकडे निघालेला माणूस वडिलांच्या भीतीने हळू आवाजात आपलं दुःख सांगतोय, यातली गंमत आणि कळ वेगळी करता येत नाही.

पाचवी पायरी: रोजची वही आणि निवेदन

रोज झोपण्याआधी अर्धं पान लिहा. काय टिपलं ते थोडं, टिपताना काय वाटलं ते जास्त. निवेदन त्या वहीतून निघतं, पण ते लिहायचं चित्रं जुळवून झाल्यावर.

नियम सोपा आहे: जे दिसतंय ते सांगू नका, गंमत समजावू नका. माझं पहिलं निवेदन असं होतं: ‘बाबांचा त्यांच्या स्कूटरवर फार जीव होता, त्यामुळे त्यांना ती विकवत नव्हती.’ पडद्यावर हेच दिसत असताना हे ऐकवणं म्हणजे पाहणाऱ्यावर विश्वास नसणं. शेवटी ठेवलं ते असं: ‘हे चौथं गिऱ्हाईक. आधीच्या तिघांना बाबांनी सात-सात दोष सांगितले होते.’ आता पाहणारा दोष मोजायला लागतो.

घरात जशी बोलता तशीच भाषा ठेवा. मी प्रमाण मराठीत लिहून वाचलं तेव्हा ते बातम्यांसारखं वाटलं. सांगलीच्या वळणाने बोलून ध्वनिमुद्रित केलं आणि त्यातून निवडलं. कपाटाचं दार उघडून, कपड्यांत तोंड करून किंवा डोक्यावरून गोधडी घेऊन बोललात तर स्टुडिओ लागत नाही. वाक्यानंतर हसायला जागा सोडा, दोन सेकंद तरी.

सहावी पायरी: कपाटावरची पेटी

लग्नाच्या व्हीएचएस कॅसेट, अल्बम, पत्रं आधी वाचवा. कॅसेटवर बुरशी असेल तर घरच्या व्हीसीआरमध्ये घालू नका, जाणकाराकडून साफ करून मगच डिजिटल करा. कोकणातल्या दमट घरांत हे फार होतं. फोटो ६०० डीपीआयला स्कॅन करा. पण स्कॅन करण्याआधी आजी किंवा आत्याला अल्बम घेऊन बसवा आणि नावं विचारा. ‘ही कोण? छे, ती नाही, तिची नणंद’ हे सुरू झालं की ते टिपा. संध्या सुरी यांचा २००५चा ‘आय फॉर इंडिया’ पाहा: वडील इंग्लंडमध्ये डॉक्टर म्हणून गेले आणि त्यांनी सुपर ८ या घरगुती फिल्म कॅमेऱ्यावरच्या चित्रफिती आणि टेपवर बोललेली पत्रं भारतातल्या घरी पाठवली. पेटीतल्या रिळांवर सगळा सिनेमा उभा आहे.

सातवी पायरी: संकलन

दाविंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरेशी आहे. सगळं फुटेज एकदा सलग बघा, कापू नका, नुसत्या नोंदी करा. माझा सिनेमा मला या बैठकीत सापडला. चार गिऱ्हाइकं आली होती. चारही वेळा, गाडी आवडली असं त्यांच्या तोंडावर दिसायला लागलं की कॅमेऱ्यामागून माझाच आवाज येत होता, ‘बाबा, नक्की विकायची ना?’ मी बाबांचा सिनेमा करत होते असं मला वाटत होतं. गाडी जायला नको होती ती मला. त्या चार प्रश्नांवर मी पुन्हा सगळी रचना केली.

मग प्रत्येक प्रसंग एका चिठ्ठीवर लिहा, भिंतीला चिकटवा, क्रम हलवत राहा. पहिला जोड लांबतोच. माझा पावणेतीन तासांचा होता.

तो घर न ओळखणाऱ्या पाच-सहा जणांना दाखवा. तुम्ही पडद्याकडे बघू नका, बाजूला बसून त्यांच्या चेहऱ्यांकडे बघा. ‘आवडला का’ विचारलंत तर सगळे हो म्हणतील. विचारा: कुठे घड्याळ बघितलंत? कोण कोणाचं ते कुठे कळलं नाही? आणि हसू कुठे येतं त्याबरोबर ते कोणावर येतं याची नोंद करा. आमच्या काकू एका इंग्रजी शब्दाचा उच्चार चुकतात, तिथे सगळ्यात मोठा हशा पिकला. ते दृश्य मी काढलं. काकूंनी मला घरात येऊ दिलं होतं ते त्यासाठी नाही. बाबांच्या दोषांच्या यादीवर येणारं हसू वेगळं आहे. त्यात त्यांचा प्रामाणिकपणा दिसतो आणि माझी लबाडीही. शंका आली तर ते हसू स्वतःकडे वळवता येतं का ते पाहा. नाही वळलं तर कापा.

आठवी पायरी: बाहेर पाठवणं

टीव्हीवर किंवा रेडिओवर मागे गाणं वाजत असलेलं दृश्य वापरायला हक्कांची परवानगी लागते, आणि ती नव्या माणसाला सहसा परवडत नाही. म्हणून टिपतानाच टीव्ही बंद ठेवायची विनंती करा. आपल्याकडे जाहीर प्रदर्शनाला १९५२च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागतं. महोत्सवांसाठी सूट घेण्याची तजवीज आयोजक करतात. मुंबईचा मिफ (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) १९९० पासून दर दोन वर्षांनी भरतो आणि माहितीपट, लघुपट, ॲनिमेशनपट यांच्यासाठीच आहे. तिरुवनंतपुरमला केरळचा माहितीपट महोत्सव दरवर्षी असतो. यूट्यूबवर घाईने टाकू नका, आधी प्रदर्शित झालेला सिनेमा अनेक महोत्सव घेत नाहीत. उपशीर्षकं स्वतः लिहा आणि मराठी न कळणाऱ्या एकाला आवाज बंद करून दाखवा. त्याला जिथे हसू आलं नाही तिथली ओळ बहुधा लांब आहे किंवा गंमत घडण्याआधीच पडद्यावर आलीय.

हे सगळं मराठी घरातून बाहेर पोचू शकतं याची खात्री हवी असेल तर अर्चना अतुल फडके यांचा २०१९चा ‘अबाउट लव्ह’ शोधून पाहा. मुंबईतलं स्वतःचं घर, एका छपराखालच्या तीन पिढ्या, आणि कॅमेरा घेऊन त्यांच्यात वावरणारी मुलगी.

पण महोत्सवाचा अर्ज भरण्याआधी घरी दाखवा, सगळ्यांना एकत्र, जेवणं झाल्यावर. त्या वेळी हातात फोन घेऊ नका, त्यांची प्रतिक्रिया टिपायची नाही. वही मात्र जवळ ठेवा. आमच्याकडे आई दोनदा हसली आणि एकदा उठून आत गेली. संपल्यावर बाबा बराच वेळ काही बोलले नाहीत. मग एकच दुरुस्ती सांगितली: उशिरा लागतो तो पुढचा ब्रेक, मागचा उत्तम आहे. ती ओळ मी दुसऱ्याच दिवशी सिनेमाच्या शेवटी पाटीवर घातली.